कबुलीपाशी थांबलेली गोष्ट

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असं आपल्याकडे म्हणतात. पोलीस स्टेशनच्या पायरीबद्दल वेगळी म्हण करायची कुणाला गरज वाटली नाही; ती टाळायची हे घरोघर न सांगताच कळतं. पासपोर्टची पडताळणी, हरवलेला मोबाइल, भाडेकरूची नोंद, गणेशोत्सवाच्या मंडपाची परवानगी, एवढ्यापुरता संबंध येतो आणि तो शक्य तितका लवकर संपवला जातो. फिर्याद कशी लिहून घेतात, पंचनाम्यावर सह्या कुणाच्या होतात, लॉकअपमधली पहिली रात्र कशी जाते, हे बहुतेक मध्यमवर्गीय माणसाने कधी पाहिलेलं नसतं. तरीही पोलीस कसा असतो, कसा असायला हवा आणि गुन्हेगाराशी त्याने कसं वागावं, याबद्दलचं त्याचं मत अगदी ठाम असतं. हे मत त्याला रात्रीच्या जेवणाच्या वेळी, समोर चालू असलेल्या टीव्हीने दिलेलं आहे. या पुस्तकातले लेख त्या टीव्हीवरच्या पोलिसाविषयी आहेत.

मालिकांनी पोलिसांना देव केलं की राक्षस, हा वाद जुना आहे आणि त्यात फार काही उरलेलं नाही. मला अस्वस्थ करणारी गोष्ट वेगळी आहे. आपल्या पडद्यावरची पोलिसी कथा गुन्हेगाराच्या कबुलीपाशी संपते. वर्षानुवर्षं ती तिथेच संपत आल्यामुळे, त्यानंतरही काही असतं आणि न्याय म्हणून जे काही आहे ते बहुतांशी त्यानंतरच असतं, हे आपल्या ध्यानातून निघून गेलं आहे.

सुरुवात तशी चांगली झाली होती. दूरदर्शनच्या काळात मराठी प्रेक्षकाला ‘एक शून्य शून्य’ मिळाली. नियंत्रण कक्षाचा फोन नंबर हेच तिचं नाव, आणि मुंबई पोलिसांच्या हाताखालून गेलेली प्रकरणं हा तिचा कच्चा माल. तिच्यात तपास पायी चालायचा. माणसं दारोदार विचारत हिंडायची आणि चुकीचा माणूस धरला की सोडून द्यायची. १९८९ साली हिंदीत ‘उडान’ आली. कविता चौधरी यांनी ती लिहिली, दिग्दर्शित केली आणि कल्याणी सिंगची मध्यवर्ती भूमिकाही केली. त्यांच्यासमोर उदाहरण होतं थोरल्या बहिणीचं, कांचन चौधरी भट्टाचार्य यांचं. त्या भारतीय पोलीस सेवेतल्या सुरुवातीच्या महिला अधिकाऱ्यांपैकी एक, आणि २००४ साली उत्तराखंडच्या पोलीस महासंचालक झाल्या तेव्हा देशात त्या पदावर पोहोचलेल्या पहिल्या महिला. ‘उडान’मधली मुलगी गुन्हेगारांना लोळवत नाही. ती अभ्यास करते, परीक्षा देते, प्रशिक्षणात घाम गाळते. वर्दी अंगावर येण्याआधी काय काय करावं लागतं, हे दाखवण्यात ती मालिका रमली होती. खाकीचं स्वप्न पाहणाऱ्या मुलींच्या एका पिढीला तिने काय दिलं असेल, हे मोजण्याचं साधन माझ्याकडे नाही, पण ते थोडं नसावं.

त्याही आधी, १९८३ साली, ‘अर्धसत्य’ येऊन गेला होता. श्री. दा. पानवलकरांची ‘सूर्य’ ही कथा, विजय तेंडुलकरांची पटकथा, गोविंद निहलानींचं दिग्दर्शन आणि ओम पुरींचा सब इन्स्पेक्टर अनंत वेलणकर. या चित्रपटाचा उल्लेख दूरचित्रवाणीवरच्या पुस्तकात करायचं कारण असं की, एका मराठी कथेतून उभ्या राहिलेल्या या गोष्टीने पोलीस कोठडीतला मृत्यू थेट नायकाच्या हातून घडवला. वेलणकर प्रामाणिक आहे आणि त्याच्या मारहाणीत कोठडीतला माणूस मरतो. प्रामाणिकपणा आणि मारहाण एकाच माणसात नांदू शकतात, हे सत्य तेंडुलकरांनी प्रेक्षकापुढे ठेवलं. पुढच्या मालिकांनी नेमकं हेच सत्य पुसलं, आणि ते कसं पुसलं हे समजून घ्यायचं तर ‘सी.आय.डी.’पाशी थांबावंच लागतं.

सोनी वाहिनीवर ही मालिका जानेवारी १९९८ मध्ये सुरू झाली आणि २०१८ पर्यंत चालली. दीड हजारांहून अधिक भाग झाले, आणि डिसेंबर २०२४ मध्ये ती पुन्हा आली. निर्माते बी. पी. सिंग हे मूळचे दूरदर्शनचे कॅमेरामन. ‘एक शून्य शून्य’ही त्यांचीच. ए.सी.पी. प्रद्युम्न झालेले शिवाजी साटम तिथूनच त्यांच्या ओळखीचे. २००४ साली सिंग यांनी एक अख्खा भाग, १११ मिनिटांचा, कुठेही न तोडता एका सलग शॉटमध्ये चित्रित केला. त्याची नोंद विक्रम म्हणून झाली आणि तंत्रावरची ती हुकूमत खरोखर कौतुकाची आहे. दया, अभिजीत, डॉक्टर साळुंखे, फ्रेडी ही नावं घरातल्या माणसांसारखी झाली. शिवीगाळ नाही, रक्ताचा चिखल नाही, आजीपासून नातवापर्यंत सगळ्यांनी एकत्र बसून बघावी अशी मालिका. तिच्यावर लाखो लोकांनी प्रेम केलं, आणि त्या प्रेमाचा मी आदर करतो.

पण तिचा शेवट आठवून बघा. संशयित समोर बसवलेला असतो. तो नाकारतो. दयाचा हात उठतो, एक सणसणीत थप्पड बसते आणि तो माणूस पोपटासारखा बोलू लागतो. खून का केला, कसा केला, हत्यार कुठे टाकलं, सगळं सांगून मोकळा होतो. मग ए.सी.पी. साहेब त्याला आता फाशी होणार म्हणून सुनावतात आणि भाग संपतो. त्या दोन मिनिटांत पोलिसाने तपास केला, शिक्षा दिली, कबुली घेतली आणि निकालही लावला.

आपल्या कायद्यात मात्र पोलिसासमोर दिलेली कबुली आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून वापरताच येत नाही. १८७२ च्या पुरावा कायद्याचं कलम २५ हेच सांगत होतं, आणि १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम २३सुद्धा तेच सांगतं. आरोपीने सांगितल्यावरून एखादी वस्तू सापडली, तर तेवढ्यापुरतं त्याचं बोलणं ग्राह्य धरतात. मकोकासारख्या विशेष कायद्यात वरिष्ठ अधिकाऱ्यासमोरच्या जबाबाला अपवाद केला आहे. एरवी मात्र कबुली द्यायची ती दंडाधिकाऱ्यासमोर, विचार करायला वेळ देऊन आणि ती देण्याचं बंधन नाही हे बजावून झाल्यावर. हे कलम कुणा भोळ्या मानवतावाद्याने घातलेलं नाही. १८५५ साली मद्रास इलाख्यातल्या छळाची चौकशी करणाऱ्या आयोगाचा अहवाल आला, आणि महसूल वसुलीपासून गुन्ह्याच्या तपासापर्यंत माणसांना कसं छळलं जातं हे इंग्रज सरकारच्याच कागदावर उमटलं. मारून मिळवलेली कबुली खरी असतेच असं नाही, हे परक्या सरकारलाही मान्य करावं लागलं. पुरावा कायद्यानंतर सव्वाशे वर्षांनी आपल्या सर्वांत लाडक्या पोलीस मालिकेने दर आठवड्याला याच्या नेमकं उलटं शिकवलं: थप्पड मारली की खरं बाहेर येतं.

त्या थपडेची निरागसताच मला सर्वांत घातक वाटते. ‘अर्धसत्य’मधली मारहाण बघवत नाही, आणि ती बघवू नये अशीच चित्रित केली आहे. दयाची थप्पड मुलं अंगणात खेळताना एकमेकांना मारतात. मार खाणारा नेहमीच खरा गुन्हेगार निघतो, त्यामुळे ती चुकीच्या गालावर पडली तर काय, हा प्रश्न उभाच राहत नाही. कोठडीतली हिंसा घरात आणायची तर ती अशीच आणावी लागते, हसतखेळत आणि जखमेशिवाय.

दार तोडण्याचंही तसंच. दयाला दार तोडायला सांगणारं ते वाक्य आता विनोद म्हणून वापरलं जातं. पण कायद्यात दार तोडण्याआधी आपण कोण, कशासाठी आलो हे सांगून प्रवेश मागावा लागतो. आत पडद्यात राहणारी बाई असेल, आणि अटक तिलाच करायची नसेल, तर तिला बाहेर पडायची संधी द्यावी लागते. आपल्या घराच्या दाराला कायद्याने एवढा मान दिला आहे, हे किती प्रेक्षकांना ठाऊक असेल?

आणि प्रयोगशाळा! डॉक्टर साळुंखे मृतदेह तपासतात, विष ओळखतात, रक्ताची चाचणी करतात, आणि सगळं ए.सी.पी. साहेब उभे असतानाच. प्रत्यक्षात शवविच्छेदन सरकारी रुग्णालयातला डॉक्टर करतो. मृत्यूचं कारण स्पष्ट नसेल तर व्हिसेरा राखून ठेवला जातो, आणि तो मुंबईतल्या कलिना इथल्या किंवा विभागातल्या दुसऱ्या न्यायसहायक प्रयोगशाळेकडे जातो. मग तपास अधिकारी ज्याला ‘सी.ए. रिपोर्ट’ म्हणतात त्याची वाट पाहणं सुरू होतं, आणि ती वाट महिनोन्‌महिने चालते. हा उशीर कुठून येतो, रिकामी पदं किती, मुद्देमाल नीट सीलबंद केला नाही तर खटल्याचं काय होतं, हे सगळं नाट्याने भरलेलं आहे. आपल्या लेखकांनी ते हात न लावता ठेवलं.

कबुलीनंतर काय काय होतं ते एकदा ओळीने सांगायला हवं. अटकेपासून चोवीस तासांच्या आत आरोपीला दंडाधिकाऱ्यापुढे उभं करावं लागतं. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२ ने दिलेला तो हक्क आहे. मग रिमांडसाठी युक्तिवाद, पोलीस कोठडी, न्यायालयीन कोठडी. गुन्ह्याच्या गांभीर्यानुसार साठ किंवा नव्वद दिवसांत दोषारोपपत्र दाखल झालं नाही, तर आरोपीला जामिनाचा हक्क मिळतो. त्यानंतर खटला. पंच फितूर होतात, साक्षीदार गाव सोडून जातात, तपास अधिकाऱ्याची बदली होऊन तो दुसऱ्या जिल्ह्यातून साक्षीला येतो आणि बचावाचा वकील त्याच्या स्टेशन डायरीतली एक खाडाखोड पकडून त्याला घाम फोडतो. पोलिसाच्या कामाची खरी परीक्षा या पिंजऱ्यात होते. मालिकेत हा पिंजरा नसतोच, किंवा असलाच तर उशीर करणारा अडथळा म्हणून असतो.

‘सिंघम’ने तर तो अडथळा उचलून बाजूलाच ठेवला. महाराष्ट्र आणि गोव्याच्या सीमेवरचा मराठी इन्स्पेक्टर बाजीराव सिंघम २०११ मध्ये पडद्यावर आला, आणि तेव्हापासून हा चित्रपट टीव्हीवर इतक्या वेळा लागला आहे की तो मालिकेसारखाच घरातला झाला. शेवटी अख्खं पोलीस दल एका राजकारण्यावर चालून जातं आणि हाच न्याय, असं आपल्याला वाटायला लावलं जातं. मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी २०२३ साली एका जाहीर भाषणात याच शेवटावर बोट ठेवलं होतं. पडद्यावरचे न्यायाधीश जाड भिंगाचे, भित्रे आणि गबाळे असतात आणि पोलीस एकटाच न्याय करतो, हा संदेश घातक आहे, असं त्यांचं म्हणणं होतं. त्यांनी बोट ठेवलं ते प्रेक्षकाच्या अधीरतेवर, कायद्याची प्रक्रिया म्हणजे वेळकाढूपणा या आपल्या समजुतीवर.

ही अधीरता रस्त्यावर कशी दिसते ते ६ डिसेंबर २०१९ च्या सकाळी हैदराबादजवळ दिसलं. एका तरुण मुलीवरच्या बलात्काराच्या आणि तिच्या खुनाच्या प्रकरणातले चार संशयित पोलिसांच्या गोळ्यांनी मेले, आणि लोकांनी पोलिसांवर फुलं उधळली. सर्वोच्च न्यायालयाने नेमलेल्या आयोगाचे अध्यक्ष होते न्यायमूर्ती विकास सिरपूरकर. या आयोगाचा २०२२ मध्ये उघड झालेला निष्कर्ष असा होता की, संशयितांवर त्यांना मारण्याच्या हेतूनेच गोळ्या झाडल्या गेल्या, आणि संबंधित पोलिसांवर खुनाचा खटला चालवावा. त्या मुलीवर झालेला अत्याचार भयानक होता. लोकांचा संताप खरा होता. ती फुलं एखाद्या मालिकेने उधळायला लावली, असं मी म्हणणार नाही. न्यायालयांतल्या विलंबाने पिचलेल्या समाजाचा त्यात मोठा वाटा आहे. पण गोळी झाडली की गोष्ट पूर्ण होते, हा शेवट लोकांच्या इतका ओळखीचा कुठे झाला, हे विचारायलाच हवं.

पोलीस स्वतःही टीव्ही बघतात, हे आपण विसरतो. ‘कॉमन कॉज’ आणि ‘लोकनीती’ यांनी २१ राज्यांतल्या सुमारे १२ हजार पोलिसांशी बोलून २०१९ साली अहवाल प्रसिद्ध केला. त्यात ३७ टक्के पोलिसांनी म्हटलं की, किरकोळ गुन्ह्यांसाठी खटला चालवण्यापेक्षा पोलिसांनीच छोटीशी शिक्षा देऊन मोकळं व्हावं. हे मत मालिकांतून आलं असं सिद्ध करता येत नाही. पण या मताला विरोध करणारी गोष्ट त्यांना पडद्यावर क्वचितच भेटली असणार. आणि जो अधिकारी मारत नाही, कागद नीट करतो, कलम विचारपूर्वक लावतो, त्याला फिर्यादीच विचारतात, ‘साहेब, तुम्ही त्याला आत घेऊन दोन दिल्या का नाहीत?’ चांगल्या पोलिसाचं असं नुकसान होतं, आणि त्याची दखल कुणी घेत नाही.

टीव्ही याहून वेगळं शिकवू शकतो, याला पुरावा आहे. अमेरिकेत १९५१ साली ‘ड्रॅगनेट’ ही मालिका दूरचित्रवाणीवर आली, ती लॉस एंजेलिस पोलिसांच्या सहकार्याने आणि त्यांची प्रतिमा उजळ ठेवूनच. म्हणजे तिकडेही हातमिळवणी होतीच. पण १९६६ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने मिरांडा खटल्यात निकाल दिला, आणि गप्प राहण्याचा, वकील मागण्याचा हक्क आरोपीला सांगणं पोलिसांवर बंधनकारक झालं. मग पडद्यावरचे पोलीसही प्रत्येक अटकेच्या वेळी ते शब्द उच्चारू लागले. तिथल्या शाळकरी मुलालाही आज ते पाठ असतात, आणि ते त्याने कायद्याच्या पुस्तकात वाचलेले नसतात. आपल्याकडे १९९६ साली डी. के. बसू प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने अटकेचे नियम घालून दिले: अटक करणाऱ्याच्या छातीवर स्पष्ट नाव, साक्षीदाराच्या सहीचा अटक पंचनामा, नातेवाइकाला खबर, वैद्यकीय तपासणी. हे नियम पोलीस स्टेशनच्या भिंतीवर फलक होऊन लटकतात. एखाद्या लोकप्रिय मालिकेतल्या इन्स्पेक्टरने ते पाळले असते, तर वीस वर्षांत अख्ख्या महाराष्ट्राला ते तोंडपाठ झाले असते.

‘क्राइम पेट्रोल’सारख्या, घडलेल्या गुन्ह्यांवर उभ्या राहिलेल्या कार्यक्रमांचा परिणाम वेगळ्या प्रकारचा आहे. जॉर्ज गर्बनर या अभ्यासकाने अमेरिकेत १९७० च्या दशकात मांडलं होतं की, जास्त टीव्ही बघणाऱ्याला जग आहे त्याहून अधिक धोक्याचं वाटू लागतं. सावध राहा म्हणून रोज बजावणारा कार्यक्रम मोलकरीण, शेजारी, भाडेकरू, प्रेमात पडलेली मुलगी या सगळ्यांकडे संशयाने बघायला शिकवतो. घाबरलेला समाज कडक पोलीस मागतो, जबाबदार पोलीस मागत नाही.

वेब मालिकांनी हे चित्र बऱ्याच अंशी बदललं आहे. ‘दिल्ली क्राइम’मध्ये अपुरी साधनं, खचलेली माणसं आणि तरीही पुढे सरकणारा तपास आहे, २०२० मध्ये तिला आंतरराष्ट्रीय एमी मिळालं. ‘पाताल लोक’चा हाथीराम चौधरी पराभूत वाटणारा इन्स्पेक्टर आहे, आणि त्याच्या हाताखालच्या अन्सारीला आपल्याच खात्यात धर्मावरून टोमणे सोसावे लागतात. ‘सेक्रेड गेम्स’मधला जितेंद्र जोशी यांचा काटेकर तर मराठी प्रेक्षकाला सख्खा वाटावा असा. हवालदाराला घर असतं, बायको असते, पगाराची चणचण असते, हे एवढ्या मायेने क्वचितच दिसलं होतं. तरीही या सगळ्यांत कॅमेरा पोलिसाच्या खांद्यामागेच उभा आहे. आपण त्याच्या जीपमधून वस्तीत शिरतो, वस्तीतून जीप येताना पाहत नाही.

मराठी साहित्याने मात्र ती पाहिली आहे. लक्ष्मण गायकवाडांच्या ‘उचल्या’ला १९८८ साली साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. इंग्रजांच्या १८७१ च्या कायद्याने जन्मतःच गुन्हेगार ठरवलेल्या जमातीत वाढलेल्या मुलाला पोलीस कसे दिसतात, हे त्यात आहे. तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला, पण गावात चोरी झाली की पारध्यांची पालं आधी तपासण्याची सवय त्याच्याबरोबर गेली नाही. तमिळमध्ये २०२१ साली ‘जय भीम’ने इरुळर जमातीवरच्या कोठडीतल्या अत्याचाराची गोष्ट सांगितली आणि तीत न्यायालयाला मध्यवर्ती जागा दिली. मराठी वाहिन्यांवर ‘हॅलो इन्स्पेक्टर’ आली, ‘लक्ष्य’ आली. पारध्याच्या पालातून पोलिसाकडे बघणारी मालिका अजून यायची आहे. ज्या भाषेत ‘उचल्या’ लिहिलं गेलं, त्या भाषेत ही उणीव मला फार बोचते.

दुसरी उणीव हवालदाराची. त्याच २०१९ च्या अहवालानुसार आपला पोलीस दिवसाला सरासरी चौदा तास काम करतो. मुंबईत २०१६ साली एका पोलीस शिपायाने आठ तासांच्या पाळ्या कशा लावता येतील याची स्वतः मांडणी केली आणि ती थेट आयुक्त दत्ता पडसलगीकर यांच्यापुढे ठेवली. आयुक्तांनी ती ऐकली, देवनार पोलीस स्टेशनात प्रयोग सुरू झाला आणि पुढे इतर पोलीस स्टेशनांत नेला गेला. उतरंडीने बांधलेल्या खात्यात एका शिपायाने आयुक्तापर्यंत पोहोचणं, घरी परतण्याची वेळ पहिल्यांदाच ठरलेली असणं, त्या पहिल्या आठवड्यात वसाहतीतल्या खोल्यांमध्ये काय बोलणं झालं असेल, या सगळ्यात एका मालिकेचा ऐवज आहे. यात खून नाही, थप्पड नाही, आणि म्हणूनच कदाचित कुठल्याही वाहिनीने ती गोष्ट मागितली नाही.

पुढचे लेख कालक्रमाने लावलेले नाहीत. पहिला लेख फिर्याद नोंदवायला येऊन बाकावर बसून राहिलेल्या बाईच्या जागेवरून या मालिकांकडे बघतो, शेवटचा सरकारी वकिलाच्या टेबलावरून. ‘सी.आय.डी.’वर प्रेम करणाऱ्या वाचकाने मधला, थपडेवरचा लेख आधी वाचला तरी चालेल.